मुदतपूर्व बदली, "प्रशासकीय कारणास्तव" : मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) जावं का?

अबोली_७ :

नमस्कार मंडळी. मी राज्य शासनाच्या एका विभागात वरिष्ठ लिपिक आहे, म्हणजे गट-क. जिल्ह्याच्या ठिकाणी येऊन अजून दोन वर्षंही झालेली नाहीत. परवा संध्याकाळी ऑफिस सुटायच्या वेळी ग्रुपवर आदेशाची पीडीएफ पडली. "प्रशासकीय कारणास्तव" माझी बदली जिल्ह्याच्या पार दुसऱ्या टोकाच्या तालुक्याला. ऑगस्ट महिना, बदल्यांचा हंगाम कधीच उरकलेला. माझ्या जागी येणाऱ्या गृहस्थांच्या नावापुढे त्याच आदेशात "विनंतीनुसार" असं छापलंय, त्यामुळे काय घडलं असेल हे सांगायला ज्योतिषी नको.

मुलगी दहावीत, सासूबाई अंथरुणाला खिळलेल्या. साहेब म्हणतात, "आधी रुजू व्हा, मग बघू." संघटनेवाले म्हणतात, "मॅटमध्ये जा, ऑर्डर उडते." नवरा म्हणतो, वरिष्ठांशी वैर घेऊन उरलेली नोकरी कशी काढणार? अजून कार्यमुक्त केलेलं नाही. या वाटेने कुणी गेलं असेल तर सांगा.

खडूस_नाना :

अबोलीताई, आस्थापना शाखेत केस पांढरे झाले माझे. बदल्यांच्या याद्या स्वतः तयार केल्या, सहीला नेल्या, आणि सहीच्या आदल्या रात्री त्यातली नावं बदलतानाही पाहिली. म्हणून आधी कायदा सांगतो, भावना नंतर.

आपल्याकडे बदल्यांचा २००५ चा अधिनियम आहे, २००६ पासून लागू. साधारण पदावधी तीन वर्षं. पण तुम्ही गट-क आणि मंत्रालयाबाहेरच्या. तुमच्या बाबतीत दोन पदावधी, म्हणजे सहा वर्षं, एका कार्यालयात झाल्यावर बाहेर काढायचं असं कलम ३ म्हणतं. बदलीपात्र लोकांची यादी जानेवारीत, बदल्या एप्रिल-मेमध्ये. एरवी करायची तर कलम ४(४) चं परंतुक, म्हणजे अपवादाची तरतूद, लागतं आणि पदावधी संपायच्या आत करायची तर ४(५). तुमची दोन्हींत बसते. जागा रिकामी झाली म्हणून भरायची असेल तर गोष्ट वेगळी, पण तुमची जागा तर तुम्हाला उठवूनच रिकामी केली. मग राहिली एकच वाट : विशेष कारणं लेखी नोंदवायची आणि वरच्या प्राधिकाऱ्याची मान्यता आधी घ्यायची. आधी! आणि आमच्या साहेबलोकांचा सगळा कारभार कार्योत्तर.

तेव्हा आदेशात काय छापलंय ते सोडा. नस्तीत, म्हणजे फाइलीत, काय लिहिलंय, ते बघा.

पावशेर :

नाना सहीच्या आदल्या रात्रीचे किस्से लिहा की. वेगळा धागा काढा हवा तर.

काळा_कोट :

मी मॅटसमोर सेवाविषयक प्रकरणं चालवतो. इथे लिहितो ती माहिती, सल्ला नव्हे. तुमच्या वकिलाला कागद दाखवाच.

नानांनी कलमं बरोबर सांगितली. मी न आवडणारा भाग सांगतो. मुलीची दहावी आणि सासूबाईंचं आजारपण यावर बदली रद्द होत नाही. फार तर अंमलबजावणी पुढे ढकलली जाऊ शकते. १९९४ च्या करुप्पा थेवन प्रकरणात मुलं शिकत होती म्हणून शैक्षणिक वर्ष संपेपर्यंत बदली थांबवायला सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं होतं. पण मूळ सूत्र कडक आहे. बदली हा नोकरीचाच भाग, अमुक ठिकाणीच राहीन असा हक्क कुणाला नाही. १९९३ चं अब्बास प्रकरण बघा. भारतीय वनस्पती सर्वेक्षणाच्या शिलाँग कार्यालयातला माणूस, बदली पौडीला, बायको शिलाँगलाच सरकारी नोकरीत. पती-पत्नीला शक्यतो एका ठिकाणी ठेवावं असं शासनाचं मार्गदर्शक तत्त्व होतं. न्यायालय म्हणालं, तत्त्व विचारात घ्या, पण त्यातून अंमलात आणता येईल असा हक्क तयार होत नाही. त्याआधी १९९१ मध्ये शिल्पी बोस प्रकरणात सांगून झालं होतं की अनिवार्य वैधानिक नियम मोडला असेल किंवा बदलीमागे दुष्ट हेतू असेल तरच आम्ही हात घालू.

आता यातलं "वैधानिक नियम" पकडा. बऱ्याच राज्यांत बदल्यांचं नुसतं धोरण असतं, परिपत्रक असतं. ते मोडलं तर वरिष्ठांकडे दाद मागा म्हणून न्यायालय परत पाठवतं. महाराष्ट्रात विधिमंडळाने केलेला कायदाच आहे. म्हणून इथला कर्मचारी जे प्रकरण जिंकतो, तेच दुसऱ्या राज्यातला हरू शकतो. तुमच्या अर्जात सासूबाईंना अर्धं पान द्या, कलम ४ ला दहा पानं द्या.

सातबारा :

सगळं वाचतोय आणि हसू येतंय. आमच्या तालुक्यात फेरफाराच्या नोंदीसाठी मी इतक्या खेटा घातल्यात की शिपाई आता नावाने हाक मारतो. तिथे एक बाबू वर्षानुवर्षं त्याच टेबलावर. बदली झाली की रजा टाकतो, स्थगिती आणतो, पुन्हा हजर. तुम्हा लोकांना संरक्षण द्यायला कायदा, न्यायाधिकरण, वकील. आम्हाला कोण?

आणि नाना, त्या कायद्याचं पूर्ण नाव सांगा ना. "शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदल्यांचे विनियमन आणि शासकीय कर्तव्ये पार पाडताना होणाऱ्या विलंबास प्रतिबंध." अण्णा हजाऱ्यांच्या आंदोलनांच्या रेट्यातून आलेला कायदा आहे हा. त्याच्या दुसऱ्या अर्ध्यात म्हटलंय की साधारणपणे कुठलीही नस्ती कर्मचाऱ्याकडे सात कामाच्या दिवसांपेक्षा जास्त पडून राहता कामा नये. हा अर्धा भाग घेऊन किती कर्मचारी मॅटमध्ये जातात?

अबोली_७ :

सातबारा, राग समजतो. पण माझ्या टेबलावर प्रलंबित काही नाही, आणि तसं असतं तर तसं लिहून बदली करा ना. ते कुणीच लिहीत नाही.

खडूस_नाना :

सातबारांचं म्हणणं खोटं नाही हो. दप्तर दिरंगाईचा भाग शोभेला ठेवलाय. पण त्यांच्या बाबूची मुदत संपलेली आहे. मुदत संपलेल्याला हा कायदा काहीच देत नाही, उलट त्याला हलवायला सांगतो. तो टिकतो तो कायद्याने नव्हे, लागेबांध्याने. आणि त्याच लागेबांध्याने दुसरीकडे कुणी अबोलीताई मुदतीआधी उठते.

शाळामास्तरीण :

मी जिल्हा परिषद शिक्षिका. आम्हालाही मॅट आहे का? आमच्या बदल्या २०१७ पासून ऑनलाइन. संवर्ग १, संवर्ग २, अवघड क्षेत्र, बदली अधिकारपात्र, बदलीपात्र, हे सगळं पाठ झालंय. माझा वाद ३० किलोमीटरचा आहे. पती-पत्नी एकत्रीकरणासाठी, म्हणजे संवर्ग २ साठी, दोघांच्या शाळांमधलं अंतर ३० च्या वर हवं. आम्ही रोज ज्या रस्त्याने जातो त्याने ते भरतं. दाखला आला तो घाटातल्या जवळच्या वाटेचा, जिच्यावर पावसाळ्यात एसटी जात नाही. संवर्ग २ गेला. आणि खोटी वैद्यकीय प्रमाणपत्रं जोडून संवर्ग १ मध्ये घुसलेले मात्र शहराला लागून बसलेत.

काळा_कोट :

मास्तरीणबाई, जिल्हा परिषदेचे कर्मचारी मॅटच्या कक्षेत येत नाहीत. तुम्हाला राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली थेट उच्च न्यायालय. औरंगाबाद खंडपीठात शिक्षक बदल्यांच्या याचिकांचे गठ्ठे असतात. तुमचा आधार शासन निर्णय आहे, अधिनियम नाही, हा फरक वर सांगितलाच. त्यामुळे "शासन निर्णय मोडला" एवढ्यावर न थांबता "माझ्याहून कमी हक्काच्या माणसाला ती जागा दिली", हे नाव, शाळा आणि संवर्गासह दाखवा. त्या माणसाला प्रतिवादी करा. स्टाफरूममधल्या नात्यांचं काय होईल ते मी सांगू शकत नाही.

पोलिसांतलं कुणी वाचत असेल तर त्यांनाही हा २००५ चा कायदा नाही. त्यांच्यासाठी महाराष्ट्र पोलीस अधिनियमातलं कलम २२न आणि पोलीस आस्थापना मंडळं. प्रकाश सिंह निकाल २००६ चा, त्यातून ते आलं. ते मॅटमध्येच येतात, पण कलमं निराळी.

व्हाउचर_४२ :

सरकारी बँकेत अधिकारी आहे. तुमची तीन वर्षं, सहा वर्षं वाचून हेवा वाटला. आमच्या १९७९ च्या सेवा विनियमांत एका ओळीत विषय संपतो : भारतात कुठेही. पुण्याची मुलगी स्केल वनला, म्हणजे अधिकाऱ्यांच्या सगळ्यात खालच्या श्रेणीत, लागते आणि पहिली पोस्टिंग ओडिशात. कुणी कोर्टात जात नाही, कारण जाऊन उपयोग नसतो हे सगळ्यांना माहीत.

अपवाद एक आठवतो, आमच्या युनियनच्या सभेत वाचून दाखवला होता. पंजाब अँड सिंध बँकेचं प्रकरण, सर्वोच्च न्यायालय, २०२०. इंदूरच्या शाखेतल्या स्केल फोर महिला अधिकाऱ्याने मद्य ठेकेदारांच्या खात्यांतल्या गैरव्यवहारांबद्दल लिहिलं. वरिष्ठाविरुद्ध लैंगिक छळाची तक्रारही प्रकरणात होती. बदली जबलपूर जिल्ह्यातल्या सरसावा शाखेत. त्या शाखेला अधिकारी लागतो स्केल वनचा! उच्च न्यायालयाने बदली रद्द केली, सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल कायम ठेवला, एक वर्ष इंदूरलाच ठेवा म्हणाले, वर ५०,००० रुपये खर्चापोटी द्यायला लावले. हे जमलं कारण तिने पत्रव्यवहार तारखांसकट जपला होता. आधी गैरव्यवहारांबद्दलची पत्रं, मग बदली, हा क्रमच बोलका होता.

पावशेर :

स्केल फोरला स्केल वनच्या खुर्चीत बसवणारा माणूस हुशार नव्हता. जरा बरी शाखा दिली असती तर पचलं असतं.

व्हाउचर_४२ :

दुर्दैवाने बरोबर. पचतात रोज.

एसटीची_घंटी :

महामंडळवाल्यांनी काय करायचं? आमची ना मॅट, ना तो कायदा.

काळा_कोट :

कामगार या व्याख्येत बसत असाल तर औद्योगिक न्यायालय. १९७१ चा कामगार संघटना मान्यता आणि अनुचित कामगार प्रथांचा कायदा, अनुसूची ४, बाब ३ : व्यवस्थापनाच्या धोरणाचं नाव पुढे करून दुष्ट हेतूने केलेली बदली ही अनुचित प्रथा. हेतू सिद्ध करायचं ओझं मात्र तुमच्यावर, आणि ते जड असतं. १९७४ मध्ये रॉयप्पा म्हणून तामिळनाडूचे मुख्य सचिव स्वतः मुख्यमंत्र्यांवर दुष्ट हेतूचा आरोप करत सर्वोच्च न्यायालयात गेले. समतेच्या तत्त्वावरचा तो निकाल कायद्याचे विद्यार्थी अजून घोकतात, पण खुद्द रॉयप्पा हरले. म्हणून मी अशिलांना सांगतो, हेतूच्या मागे लागू नका, प्रक्रियेच्या मागे लागा. हेतू साहेबाच्या डोक्यात असतो, प्रक्रिया कागदावर.

गावकुस :

एक शंका. आमच्या ओळखीतल्या एकाची बदली आमदारांच्या पत्रावर झाली. पत्राची प्रत मिळाली की केस खिशात, असं सगळे म्हणतात. खरं का?

काळा_कोट :

नाही. २००७ मध्ये मसूद अहमद प्रकरणात सर्वोच्च न्यायालय म्हणालं की लोकप्रतिनिधीने लोकांची तक्रार वर पोचवणं हे त्याचं कामच आहे, तेवढ्याने बदली बेकायदा होत नाही. प्रश्न पुढचा असतो. पत्रावर सक्षम प्राधिकाऱ्याने स्वतः विचार केला की "मा. आमदार महोदयांच्या इच्छेनुसार" लिहून सही ठोकली? तक्रारीवरून बदली असेल तर सामान्य प्रशासन विभागाचं ११ फेब्रुवारी २०१५ चं परिपत्रक काढा. तीन वर्षं न झालेल्या माणसाविरुद्ध तक्रार आली तर लगेच बदली करू नका, आधी अहवाल घ्या, तथ्य तपासा, तथ्य असेल तर शिस्तभंगाची कारवाई करा, असं त्यात आहे. निनावी तक्रारीवर, शिक्षा म्हणून केलेली बदली सोमेश तिवारी प्रकरणात (२००९) टिकली नव्हती.

खडूस_नाना :

आणि गावकुस, तुमच्या त्या ओळखीच्यांनी स्वतः कधी कुणाचं पत्र आणलं होतं का, तेही विचारा. वर्तणूक नियमांतला नियम २३ बाहेरून वजन आणणाऱ्या कर्मचाऱ्यालाच लागतो. तो नियम वापरून झालेली कारवाई मी माझ्या नोकरीत पाहिली नाही. पत्रं मात्र ढिगाने पाहिली.

अबोली_७ :

मंडळी, अपडेट. वरिष्ठांना अभिवेदन (लेखी निवेदन) दिलं, पोच घेतली, आणि उत्तराची वाट न बघता मॅटमध्ये मूळ अर्ज दाखल केला. अर्ज गेल्याचं कळलं तसं संध्याकाळी एकतर्फी कार्यमुक्त केलं. आदेश ईमेलवर आणि शिवाय घराच्या दारावर चिकटवला. शेजारच्या काकूंनी वाचून मला फोन केला, "अगं तुला काढलं का?"

पहिल्या तारखेला शासनाची बाजू मांडणाऱ्या सादरकर्ता अधिकाऱ्यांना नस्ती घेऊन यायला सांगितलं गेलं. दुसऱ्या तारखेला ती आली. वकिलांनी दाखवली तेव्हा मी पहिल्यांदा पाहिली. एक तक्ता : अनुक्रमांक, नाव, सध्याचं ठिकाण, प्रस्तावित ठिकाण, शेरा. शेऱ्याच्या रकान्यात पहिल्या नावापुढे "प्रशासकीय कारणास्तव" आणि खाली शेवटच्या नावापर्यंत नुसते दोन-दोन टिंबांचे "वरीलप्रमाणे". नागरी सेवा मंडळाच्या बैठकीचं इतिवृत्त जोडलं होतं. त्यावर दोन सदस्यांच्या सह्या, तिसऱ्याची जागा कोरी, आणि तारीख माझ्या आदेशानंतरची!

काळा_कोट :

ही नस्ती मी न बघताही वर्णन करून सांगितली असती. इतर वाचकांसाठी : नागरी सेवा मंडळ हे २०१३ च्या टी. एस. आर. सुब्रमणियन निकालातून आलं. बदल्यांची शिफारस सेवेतल्या वरिष्ठांच्या मंडळाने करावी, तोंडी हुकमावर कुणी काम करू नये, असं तिथे म्हटलं. आपल्याकडे ३१ जानेवारी २०१४ च्या शासन निर्णयाने मंडळं स्थापन झाली. बऱ्याच कार्यालयांत बैठक होत नाही, इतिवृत्त फिरतं. नुसतं "प्रशासकीय कारण" हे कलम ४(५) चं विशेष कारण होत नाही, हे मुंबई उच्च न्यायालयाने अनेकदा सांगितलंय. पुढे?

अबोली_७ :

अंतरिम स्थगिती मिळाली, पुढच्या तारखेपर्यंत. माझ्या जागी यायचे ते गृहस्थ अजून रुजू झाले नव्हते, ते आमच्या पथ्यावर पडलं. मी परत हजर झाले. साहेबांनी अर्ज बघितला, काही न बोलता सही केली. टेबल मात्र बदललं, आवक-जावक दिलंय.

सातबारा :

अभिनंदन. मी वर लिहिलं त्यातलं काही मागे घेत नाही, पण आदेशानंतरची तारीख टाकलेलं इतिवृत्त वाचून वाटलं की तुमच्या आणि माझ्या फाइलीवर बसलेला माणूस एकच असावा.

एक विचारतो, खोचक समजू नका. ज्या तालुक्याला तुम्हाला पाठवलं होतं तिथली जागा आता रिकामीच ना? तिथल्या लोकांनी कुणाकडे बघायचं?

अबोली_७ :

रिकामी आहे. याचं माझ्याकडे उत्तर नाही.

खडूस_नाना :

उत्तर कागदावर आहे. ६ ऑगस्ट २००२ च्या शासन निर्णयात आदिवासी आणि नक्षलग्रस्त भागात ठरावीक काळ काम केलेल्यांना पसंतीचं ठिकाण द्यायचं म्हटलंय. ते इमानदारीने पाळलं तर लोक आपणहून जातील. दोन-तीन वर्षं काढायची आणि नंतर घराजवळ यायचं, कोण नाही म्हणेल? पण गेलेला माणूस तिथेच विसरला जातो हे सगळ्यांनी पाहिलंय, म्हणून जायच्या आधीच वकील गाठतात. ९ एप्रिल २०१८ ला समुपदेशनाने बदल्या करायचा निर्णय आला. रिक्त जागा पडद्यावर दाखवायच्या, ज्येष्ठतेने एकेकाला बोलावून विचारायचं. जिथे तो नीट झाला तिथे मॅटची वाट कमी तुडवली गेली. पण पडद्यावर सगळ्याच जागा दाखवत नाहीत ना. चांगल्या जागा "न्यायप्रविष्ट" किंवा "प्रस्तावित" म्हणून आधीच काढून ठेवलेल्या असतात.

व्हाउचर_४२ :

नाना, हे आमच्याकडेही सेम. नुसती नावं वेगळी.

पावशेर :

स्थगिती मिळाली म्हणजे सुटल्या का अबोलीताई? की पुढच्या मेमध्ये परत तेच?

काळा_कोट :

सुटल्या नाहीत. अर्ज जिंकल्या तरी रद्द होतो तो हा आदेश. उद्या खरी कारणं लिहून, आधी मान्यता घेऊन, रीतसर नवा आदेश काढायला शासन मोकळं आहे. सहसा काढत नाहीत, कारण लिहिण्यासारखं कारण नसतं. शासनाला मॅटचा निकाल पटला नाही तर उच्च न्यायालयात रिट, द्विसदस्यीय पीठापुढे. चंद्रकुमार निकालापासून, म्हणजे १९९७ पासून ती वाट आहे.

आणि एक धोक्याची पाटी. स्थगिती नसताना नव्या ठिकाणी रुजूच न होता घरी बसू नका. गुजरात वीज मंडळाचा १९८९ चा निकाल वाचा : सुरतेहून उकाईला बदली झाली, माणूस अर्ज करत राहिला, हजर झाला नाही, नोकरी गेली. सर्वोच्च न्यायालयाने ती गेलेली नोकरी परत दिली नाही.

अबोली_७ :

आता नवीन त्रास. महिनाअखेर पगार झाला नाही. कार्यमुक्त केल्याच्या दिवशी सेवार्थमधून (पगाराच्या ऑनलाइन प्रणालीतून) माझं नाव सोडून दिलं, नव्या कार्यालयाच्या नावावर गेलं. जुने म्हणतात आमच्याकडे नाव नाही, नवे म्हणतात तुम्ही रुजूच नाही. मधले दिवस रजा दाखवा, मग बघू, असं लेखा शाखेने सुचवलंय.

खडूस_नाना :

रजेचा अर्ज अजिबात देऊ नका! एकदा रजा म्हणून गेले की ते दिवस तुमच्या खात्यातून गेले. आहरण व संवितरण अधिकाऱ्याच्या, म्हणजे पगार काढणाऱ्याच्या, नावे अर्ज करा, स्थगिती आदेशाची प्रमाणित प्रत जोडा, आणि दोन गोष्टी वेगवेगळ्या मागा : सेवार्थवर नाव परत जोडून घेणं, आणि कार्यमुक्तीपासून परत हजर होईपर्यंतचा काळ सक्तीचा प्रतीक्षा कालावधी (रजा नव्हे, कामावरचाच काळ) म्हणून धरणं. दुसरी मागणी लगेच मान्य होणार नाही, प्रस्ताव वर जाईल. जाऊ द्या. पहिलीला मात्र आवक क्रमांक घ्या. आवक-जावक तुमच्याच टेबलावर आहे ना आता?

अबोली_७ :

हो. उद्या सकाळी पहिला क्रमांक माझाच.